हें कोणाचें ?

परकी भाषा शिकावयास बसलेल्या मनुष्याला पहिल्या पंधरवड्यांत जीं वाक्यें पाठ करावीं लागतात, त्यांत 'माझ्याजवळ अमुक वस्तु आहे' अशा अर्थाचें एक तरी वाक्य हटकून असतें. आमच्या घरांतील एक चिरंजीव सध्यां स्पॅनिश शिकत आहेत. 'तेंगो दोस एर्मानोस' ह्या वाक्यापुढें त्यांनीं आपल्या वहींत मोठ्या विश्वासानें 'माझ्याकडे दोन भाऊ आहेत' असें भाषांतर लिहून ठेविलें होतें. तें मोठ्यानें वाचलें जातांच माजघरांतून त्यांच्या आजीनें विचारलें, "कोणाचे रे ? अन् परत कधीं न्यायचे आहेत त्यांना ?"

हंसूं सर्वांनाच आलें. परंतु त्या वाक्यांत चुकलें काय, हें सांगावयाची वेळ आली तेव्हां घरांतील पदवीधर मंडळीही अडखळली. विभक्ति शुद्ध, वचन शुद्ध, क्रियापद शुद्ध, आणि तरी वाक्य अशुद्ध ! स्वामित्व सांगणें व विचारणें हा विषय शाळेच्या व्याकरणांत षष्ठीच्या एका लहानशा परिच्छेदांत आटोपलेला असतो. वास्तविक घर, शेत, दागिने, फार काय पण आपला हा वऱ्हाड प्रांतसुद्धां त्या परिच्छेदांत सांठविलेला आहे. म्हणून त्याचा थोडा विस्तारानें विचार करण्यास हरकत नाहीं.

इंग्रजींतील 'हॅव्ह' सारखें क्रियापद मराठींत नाहीं. संस्कृतांतही नित्याचा मार्ग 'मम पुस्तकम् अस्ति' असाच आहे. वस्तु 'आहे', आणि ती माझ्याशीं संबद्ध आहे, एवढेंच तेथें सांगितलें जातें. इंग्रजी शिकलेल्या पुष्कळांना ही आपल्या भाषेची उणीव वाटते. आम्हांला ती वाटत नाहीं. एका क्रियापदाच्या जागीं आपण किती निरनिराळे शब्द योजतों तें पाहावें, म्हणजे उणीव कोणाची तें कळेल.

'मला दोन भाऊ आहेत', 'गाईला शिंगें आहेत', 'वाड्याला दोन दारें आहेत' अशीं वाक्यें आपण बोलतों. जें देतां येत नाहीं, घेतां येत नाहीं, जन्मानें किंवा घडणीनेंच जोडलेलें आहे, त्यास 'ला'. 'माझ्याजवळ दहा रुपये आहेत' ह्याचा अर्थ ते ह्या क्षणीं खिशांत किंवा कनवटीला आहेत. 'माझ्याकडे दहा हजार रुपये आहेत' असें म्हटलें म्हणजे ते खिशांत असण्याचें कारण नाहीं. ते माझ्या ताब्यांत आहेत, मग कदाचित् दुसऱ्याचेही असतील. एखाद्या मंडळाचा खजिनदार 'माझ्याकडे' म्हणतो तो ह्याच अर्थानें. तो ज्या दिवशीं 'माझे' म्हणूं लागेल त्या दिवशीं सभासदांनीं हिशेब मागावा. भाऊ ही वस्तु ताब्यांत ठेवण्याजोगी नसल्यामुळें 'माझ्याकडे दोन भाऊ आहेत' हें वाक्य ऐकतांच ते कोणीतरी ठेवावयास दिले असावेत असें वाटतें. आजीच्या प्रश्नांतील व्याकरण हें असें आहे.

येथेंच हा संसार संपत नाहीं. शेत 'नांवावर' असतें, पैसा 'गांठीं' असतो, गुण 'अंगीं' असतो, मुलें 'पदरीं' असतात, म्हशी 'घरीं' असतात, दोन खोल्या 'वांट्याला' येतात आणि कर्ज 'डोक्यावर' असतें. ह्यांतील एका शब्दाची जागा दुसऱ्याला देऊन पाहावें. 'तिच्या पदरीं तीन मुलें आहेत' ह्यांत जो भार आहे तो 'तिला तीन मुलें आहेत' ह्यांत नाहीं. पहिलें वाक्य ऐकून आपण तिच्या नवऱ्याची चौकशी करूं लागतों. आणि 'रामरावांकडे माझे शंभर रुपये आहेत' हें तर मोठें मासलेवाईक वाक्य आहे. त्यांत एकाच शंभर रुपयांना दोन धनी आहेत. एकाजवळ ताबा आहे, दुसऱ्याजवळ हक्क आहे, आणि भांडण लागलें तर त्याची सर्व सामुग्री चार अक्षरांत तयार आहे: 'कडे' आणि 'माझे'.

स्पॅनिश लोकांनीं ह्यांतील बहुतेक ओझें एकाच क्रियापदावर लादलें आहे. तें क्रियापद 'तेनेर'. तें लॅटिन 'तेनेरे' पासून आलें, व त्याचा मूळ अर्थ 'धरणें'. भाऊ धरावयाचे, घर धरावयाचें, कर्ज धरावयाचें, आणि भूक, भीति, घाई ह्याही धरावयाच्याच. वयाच्या बाबतींत तर ते 'तेंगो बेइंते आन्योस' म्हणतात, म्हणजे अक्षरशः 'मी वीस वर्षें धरून आहें'. आपल्याकडे भूक लागते, भीति वाटते, घाई होते आणि वय होतें. मनुष्याकडे त्यांत कर्तेपण नाहीं, ह्या गोष्टी त्याच्यावर येतात. वय धरून ठेवण्याची कल्पना आपल्याकडील कांहीं मंडळींना आवडण्यासारखी आहे खरी !

लॅटिनमधील दुसरें क्रियापद 'हाबेरे'. त्याचें स्पॅनिश रूप 'आबेर' हें जुन्या काळीं स्वामित्वच दाखवीत असे. पुढें 'तेनेर' नें हळूहळू त्याची जागा घेतली, आणि कमरेच्या किल्ल्या धाकट्या जावेच्या हातीं गेल्यावर थोरलीनें देवपूजेपुरतें राहावें तसें 'आबेर' आतां मुख्यतः सहाय्यक क्रियापद होऊन राहिलें आहे. जातां जातां एक गंमत सांगावीशी वाटते. इंग्रजी 'हॅव्ह' आणि लॅटिन 'हाबेरे' हीं सख्खीं भावंडें दिसतात. परंतु त्यांचें नातें नाहीं. 'हॅव्ह' चें खरें नातें 'पकडणें' ह्या अर्थाच्या लॅटिन 'कापेरे' शीं आहे. तोंडावळ्यावरून गोत्र ठरवूं नये, हें शब्दांनाही लागू आहे.

एके ठिकाणीं मात्र स्पॅनिश व मराठी इंग्रजीला एकटी पाडून एका पंगतीस बसतात. 'मी हात धुतले' असें आपण म्हणतों. ते कोणाचे हें सांगत नाहीं, कारण दुसऱ्याचे धुण्याचा प्रसंग विरळा. स्पॅनिश मनुष्यही 'माझे हात' म्हणत नाहीं. इंग्रजाला मात्र प्रत्येक वेळीं 'माझे' म्हटल्यावांचून चैन पडत नाहीं.

आतां प्रश्नाकडे वळूं. एखादी वस्तु सांपडली असतां ती कोणाची हें विचारावयाचें झालें म्हणजे स्पॅनिश मनुष्य 'तेनेर' ला हातसुद्धां लावीत नाहीं. तो विचारतो, 'दे क्येन एस ?' शब्दशः 'कोणापासूनचें आहे ?' आणि उत्तर येतें, 'एस दे मारिया' किंवा 'एस मीओ', म्हणजे 'मारियाचें आहे', 'माझें आहे'. धरणें निराळें आणि 'चें असणें' निराळें, हा भेद त्या भाषेनें येथें कटाक्षानें पाळला आहे. चोरालासुद्धां 'तेंगो' असें खरेपणानें म्हणतां येतें. वस्तु त्यानें धरलेली असतेच. 'एस मीओ' म्हणतांक्षणीं तो खोटा ठरतो. आपल्याकडे हेंच काम 'कडे' आणि 'चें' ह्या दोन शब्दांनीं होतें.

ह्या 'चा-ची-चें' विषयीं थोडें सांगितलें पाहिजे. पाणिनीनें इतर विभक्तींचे अर्थ सांगून झाल्यावर जें शेष राहिलें तें षष्ठीकडे सोंपविलें, आणि पतंजलीनें तर तिचे अर्थ शंभराच्या घरांत असल्याचें म्हटलें आहे. पण संस्कृतांतील षष्ठी मालकाकडे पाहते. मराठींतील षष्ठी मालमत्तेकडे पाहते. रामाचा घोडा, रामाची गाय, रामाचें घर: राम तोच, परंतु प्रत्यय वस्तूच्या लिंगाप्रमाणें फिरतो. म्हणूनच ही विभक्ति म्हणावी कीं विशेषण म्हणावें असा वाद आपल्या व्याकरणांत निघतो. 'दाक्षिणात्य', 'तत्रत्य' ह्या शब्दांतील 'त्य' पासून हा 'चा' आला असें कांहीं मोठ्या विद्वानांचें मत आहे. तें धरलें तर 'रामाचा' ह्याचा मूळ भाव 'रामाकडला', म्हणजे मालकीपेक्षां ठिकाण सांगणारा होतो.

स्पॅनिशमध्यें ह्याचा एक जुळा भाऊ आहे, तो 'कूयो'. 'ज्याचा' ह्या अर्थीं हा शब्द येतो, आणि तोही 'कूयो, कूया, कूयोस, कूयास' असा वस्तूप्रमाणें फिरतो. 'कासा' म्हणजे घर हा शब्द तिकडे स्त्रीलिंगी आहे; तेव्हां घरधनी पुरुष असला तरी 'ज्याचें घर' ह्याला 'कूया कासा' असेंच म्हणावें लागतें. इंग्रजी शिकून स्पॅनिशकडे जाणाऱ्याला हें फार अवघड वाटतें, कारण त्याला मालक पुरुष कीं स्त्री एवढेंच पाहावयाची संवय असते. मराठी विद्यार्थ्याला त्यांत शिकण्यासारखें कांहींच नाहीं. त्यानें 'ज्याचा-ज्याची-ज्याचें' आठवावें म्हणजे झालें. पूर्वीं हाच 'कूयो' प्रश्नांतही येत असे, आणि 'हें कोणाचें ?' असें एका शब्दांत विचारतां येई. आतां तो प्रश्नांतून बहुतेक गेला आहे व लेखी भाषेंत संबंध दाखविण्यापुरता उरला आहे. एवढ्या सोयीचा शब्द त्यांनीं कां टाकला कोण जाणे !

आमच्या अमरावती-अकोल्याकडील बोलींत आणखी एक प्रकार आहे. पुणेरी कानांना तो खटकतो व ते त्याची थट्टा करितात. पण थट्टा करण्यापूर्वीं त्यांनीं स्पॅनिश व्याकरण चाळावें. वऱ्हाडींत 'मला' चें 'मले' होतें आणि 'माझा' चें 'माहा' होतें, हें सर्वश्रुत आहे. परंतु त्याखेरीज 'माह्यावाला, माह्यावाली, माह्यावालं' अशीही रूपें आहेत. हिंदी मुलुखाच्या शेजारानें हा 'वाला' बोलींत शिरला असावा. दहा मुलांच्या दहा पाट्या एके ठिकाणीं पडलेल्या असल्या म्हणजे मूल म्हणतें, 'माह्यावाली दे'. अनेकांतून आपली निवडून मागण्यासाठीं हें रूप विशेष सोयीचें पडतें. स्पॅनिशमध्यें नामापूर्वीं येणारें 'माझें' व एकटें उभें राहणारें 'माझें' हे दोन वेगळे शब्द आहेत. पहिला 'मि', आणि दुसरा 'एल मीओ', म्हणजे 'तें जें माझें तें'. प्रमाण मराठींत हा भेद नाहीं. वऱ्हाडीनें तो आपल्यापुरता करून घेतला आहे. ज्या प्रांतांत रिद्धपूरला तेराव्या शतकांत महानुभावांनीं मराठी गद्य घडविलें, आणि जेथें आतां मराठी भाषेचें विद्यापीठही निघालें आहे, त्या प्रांताच्या बोलीची अशी थट्टा कोणी करूं नये हें बरें.

पण वऱ्हाडाला 'हें कोणाचें ?' हा प्रश्न केवळ पाट्या-पुस्तकांपुरता पडलेला नाहीं. तो सव्वादोनशें वर्षें खुद्द वऱ्हाडाविषयींच विचारला जात होता. १७२४ सालीं बुलढाणा जिल्ह्यांतील साखरखेर्डा येथें मुबारिझखानाचा पराभव करून निजाम-उल्मुल्क दक्षिणेंत स्वतंत्रपणें वागूं लागला. पुढें येथें निजाम व नागपूरकर भोसले ह्यांचा दुहेरी अंमल बसला. त्यालाच 'दोअमली' म्हणत. एकाच गांवाच्या वसुलांत दोन धन्यांचे वांटे असत, म्हणजे गांव निजामाचेंही आणि भोसल्यांचेंही, आणि रयतेच्या डोक्यावर मात्र दोघेही. १८०३ सालीं अकोल्याकडील अडगांवची लढाई व मेळघाटाच्या तोंडावरील गाविलगडचा पाडाव झाल्यावर देवगांवच्या तहानें भोसल्यांनीं वर्धा नदीच्या पश्चिमेकडील मुलखावरील हक्क सोडला. आतां तरी उत्तर एकच राहावयास हवें होतें. परंतु हैदराबाद कंटिन्जंट फौजेचें देणें थकलें, आणि १८५३ सालच्या तहानें वऱ्हाड कंपनीच्या कारभाराखालीं गेलें. तहाची खुबी अशी कीं, मालकी निजामाचीच राहिली व कारभार तेवढा इंग्रजांकडे गेला. मराठींत सांगावयाचें तर वऱ्हाड निजामाचें होतें, निजामाकडे नव्हतें.

१९०२ सालीं लॉर्ड कर्झननें निजाम महबूब अलीखान ह्याजकडून तें कायमच्या पट्ट्यानें घेतलें. दरसाल पंचवीस लाख रुपये ठरले. निजामाचें 'चें' कागदावर शाबूत ठेवून त्याचें भाडें बांधून दिलें, असाच ह्याचा अर्थ. पुढच्या वर्षीं प्रांत मध्यप्रांताच्या कारभाराला जोडला गेला. नंतरच्या निजामानें वऱ्हाड परत मागितलें, तेव्हां १९२६ सालीं लॉर्ड रीडिंगनें त्याला जें उत्तर पाठविलें तें सार्वभौम सत्तेच्या इतिहासांत प्रसिद्ध आहे. संस्थानिकानें ब्रिटिश सरकाराशीं बरोबरीच्या नात्यानें वाद घालूं नये, असा त्याचा आशय होता. १९३६ सालीं निजामाच्या पदवींत वऱ्हाडाचें नांव घातलें गेलें व त्याच्या युवराजाला 'प्रिन्स ऑफ बेरार' म्हणूं लागले. युवराज वऱ्हाडचे, वऱ्हाड मात्र दुसऱ्याकडे! सप्टेंबर १९४८ मध्यें हैदराबादचें संस्थानी राज्य संपल्यावर ह्या नामधारी 'च' लाही कांहीं अर्थ उरला नाहीं.

राज्याचें जें झालें तेंच शेतांचेंही होत आलें आहे. शेत अमक्याचें, परंतु मक्त्यानें किंवा बटाईनें तमक्याकडे, हें वाक्य वऱ्हाडांत कोणत्याही गांवीं ऐकावयास मिळेल. स्पॅनिश भाषेंत ह्याच प्रश्नानें एक क्रांति घडविली. मेक्सिकोंतील शेतकऱ्यांचा पुढारी एमिलियानो सापाता ह्याच्या नांवाशीं जोडली गेलेली घोषणा अशी आहे: 'ला तिएर्रा एस दे क्येन ला त्राबाहा'. तिच्यांत 'दे क्येन' म्हणजे प्रश्नांतील तेंच 'कोणाची' आहे. येथें तें 'जो तिच्यांत राबतो त्याची' असें उत्तर होऊन आलें आहे. आपल्याकडील 'कसेल त्याची जमीन' ह्या घोषणेशीं ती शब्दाला शब्द जुळते. दोन्ही ठिकाणीं ताब्याचें क्रियापद टाळून मालकीचा प्रत्यय योजला आहे, आणि तें बरोबर आहे. कारण जमीन कुळाच्या ताब्यांत होतीच, मागणी होती ती 'ची' ची. विदर्भासाठीं स्वतंत्र कूळकायदा १९५८ सालीं झाला.

ह्या दोन्ही जगांचा अनुभव घेतलेला एक मनुष्य आपल्या शेजारच्या वर्ध्याचा होता. पांडुरंग सदाशिव खानखोजे ह्यांचा जन्म वर्ध्यास १८८४ सालीं झाला. क्रांतिकार्यासाठीं देश सोडलेल्या ह्या गृहस्थांनीं पुढें मेक्सिकोंत चापिंगो येथील शेतकी विद्यालयांत अध्यापक म्हणून काम केलें, मक्याच्या व गव्हाच्या वाणांवर प्रयोग केले आणि तेथील शेतकऱ्यांच्या मुलांना त्यांच्याच स्पॅनिशमध्यें शेती शिकविली. १९६७ सालीं नागपुरास त्यांचा अंत झाला. वऱ्हाडच्या सीमेवर वाढलेल्या ह्या मनुष्याला 'शेत कोणाचें ?' हा प्रश्न मेक्सिकोंत भाषांतर करून समजावून द्यावा लागला नसेल.

शेतावरून घरांत यावें. एकत्र कुटुंबांत 'हें कोणाचें ?' ह्या प्रश्नाला 'आपलें' असें उत्तर देण्याची शिकवण असते, आणि ती चांगलीही आहे. पण ह्या गोड शब्दाखालीं स्त्रीचें 'तिचें' पुष्कळदां बुजून गेलें, हें मान्य करावयास हवें. जुन्या कायद्यानें विधवेला नवऱ्याची मिळकत मिळे ती हयातीपुरती. ती विकण्याचा पुरा अधिकार तिला नसे. १९३७ सालीं डॉ. गो. वि. देशमुख ह्यांच्या खटपटीनें झालेल्या कायद्यानें विधवेला वांटा मिळाला, परंतु तोही मर्यादित हक्कानें. म्हणजे वाडा तिच्याकडे असे, तिचा नसे. १९५६ च्या हिंदु वारसा कायद्याच्या चौदाव्या कलमानें हिंदु स्त्रीच्या ताब्यांतील मिळकत ही तिची पूर्ण मालकीची ठरविली. 'कडे' चें 'चें' करणारें एवढें मोठें वाक्य आमच्या माहितींत दुसरें नाहीं. २००५ सालीं वडिलोपार्जित मिळकतींत मुलीलाही मुलाच्या बरोबरीचा जन्मसिद्ध हक्क मिळाला.

स्त्रीधनाची गोष्ट ह्याच्या उलट आहे. तेथें वस्तु तिची असते आणि असते मात्र सासूबाईंच्या कपाटांत. ह्यावर सर्वोच्च न्यायालयानें १९८५ सालीं दिलेला निर्णय प्रत्येक घरांत माहीत असावा. स्त्रीधन सासरच्या मंडळींच्या हवालीं केलेलें असलें तरी तें तिचेंच राहतें, आणि तें परत न देणें हा विश्वासघाताचा गुन्हा होऊं शकतो, असें त्यांत ठरलें. आमच्या पिढीच्या आज्यांना हें कायद्यावांचून कळत होतें. लग्नांत आलेल्या पितळी भांड्यांवर त्या नांवें घालून घेत, आणि त्या अक्षरांत कोणाकडून व कोणाला हीं दोन्हीं स्पष्ट असत. 'हें पातेलें कोणाचें ?' असा वाद निघाला कीं तें पालथें करून वाचावयाचें. दागिन्यांवर नांव घालतां येत नाहीं. म्हणून त्यांची एक यादी, वजनासह व तारखेसह, जिचे दागिने तिच्या हातीं असावी. असें लिहिल्यानें घरांत अविश्वास येतो असें कांहीं वडील माणसें म्हणतात. आम्हांला तसें वाटत नाहीं. उलट पंधरा वर्षांनीं वांटणीच्या वेळीं ज्या तोंडांनीं 'आम्हांला काय ठाऊक' म्हटलें जातें, त्यांची त्यामुळें सुटका होते.

'आपलें' हा शब्द निघालाच आहे, तर त्याचेंही स्पॅनिश रूप पाहूं. आपला 'आपला' तीन घरचा पाहुणा आहे: तुम्हां-आम्हां दोघांचा, कर्त्याचा स्वतःचा, आणि आदरानें 'तुमचा'. 'ते आपल्या घरीं गेले' हें वाक्य ऐकून ते कोणाच्या घरीं गेले, हें बोलणाऱ्याच्या हातवाऱ्यावरून ठरवावें लागतें. स्पॅनिशमधील 'सु' ह्याचेंही तसेंच आहे. तो त्याचा, तिचा, त्यांचा आणि आदरार्थी तुमचा, असा चौघांचा आहे. घोटाळा होऊं लागला म्हणजे मागाहून 'त्याचा म्हणजे अमक्याचा' असें जोडावें लागतें. मेक्सिकोंतील सभ्य लोकांनीं ह्या घोटाळ्याचा शिष्टाचारच करून टाकला आहे. यजमान आपल्या स्वतःच्या घराला पाहुण्याजवळ 'सु कासा', 'तुमचें घर', असें म्हणतो. 'उद्यां रात्रीं तुमच्या घरीं जेवण आहे' असें तिकडे कोणी म्हटलें तर नवख्या पाहुण्यानें घाबरून स्वयंपाकाला लागूं नये. आमंत्रण त्यालाच असतें, आणि जावयाचें असतें तें यजमानाच्या घरीं.